चेंडू लागला होता का

टिडकमचं पत्र येऊन तीन वर्षं होऊन गेली होती. मेजर लायनेल गार्स्टँग यांनी ते आलं त्या दिवशी चार वेळा वाचलं आणि घोड्यांच्या रोगांवरच्या एका जाड पुस्तकात घालून ठेवलं. ते पुस्तक कुणी उघडणार नाही, असा त्यांचा हिशेब.

पत्र पेन्सिलीनं लिहिलेलं होतं. 'साहेब, मला काही मागायचं नाही. एकोणीसशे बाराच्या ऑगस्टात तुम्ही चौऱ्याण्णववर असताना माझा चेंडू तुमच्या बॅटला लागला होता का? मी आवाज ऐकला होता. तुमच्या जिभेनं आपल्या पोटावर पाय आणला, असं मला म्हणत म्हणतच माझी बायको वारली. हो की नाही, एवढंच कळवा. अमोस टिडकम.'

लागला होता. निसटता, पण लागला होता, आणि मागे यष्टिरक्षकानं तो झेललाही होता. डोळ्यांना दिसायच्या आधी बोटांना कळलं होतं.

गार्स्टँग तेव्हा कॅप्टन होते. रजेवर आले की काउंटीकडून हौसेखातर खेळत. टिडकम शेजारच्या काउंटीचा पगारी गोलंदाज. मैदानात उतरायची दारंसुद्धा दोघांची वेगळी. हौशी खेळाडू म्हणजे सभ्य गृहस्थ, आणि बाद झालेला सभ्य गृहस्थ पंचाची वाट न बघता आपणहून चालू लागतो, असा रिवाज. त्यामुळे टिडकमनं अपील केलं तेव्हा पंचानं, तोही जुना पगारी खेळाडूच, आधी कॅप्टनसाहेबांच्या पायांकडे पाहिलं. पाय जागचे हलले नाहीत. साहेब उभे आहेत त्याअर्थी चेंडू लागलेला नाही. पंचानं नकारार्थी मान हलवली.

"लागलाय! आणि ह्यांना ठाऊक आहे!" टिडकम सगळ्यांदेखत ओरडला.

सभ्य गृहस्थाला खोटं ठरवलं म्हणून महिन्याभरात त्याच्या काउंटीच्या कमिटीनं त्याला काढून टाकलं. गार्स्टँगना कुणी काही विचारलं नाही. सभ्य माणसाला असं विचारणं म्हणजे अपमानच. ते एकशे तीन धावा करून पलटणीत परत गेले होते. आयुष्यातलं ते त्यांचं एकुलतं एक शतक.

या वसंतात बहीण हॅरिएटची घोडी लंगडू लागली आणि तिनं नेमकं तेच पुस्तक काढलं.

"लायनेल, हे काय?"

"खूण म्हणून घातलंय."

"तीन वर्षं एकाच पानावर आहेस?" तिनं पत्र वाचलं. "लागला होता?"

त्यांनी पत्र तिच्या हातातून घेऊन पुन्हा पुस्तकात घातलं.

"मग जाऊन सांग त्याला. तोफांसमोर गेलास, एका म्हाताऱ्यासमोर जायला काय होतंय?"

शनिवारी ते टिडकमच्या गावी गेले. हिरवळीवर गावातल्या पोरासोरांचा सामना चालला होता, आणि गुत्त्याबाहेरच्या बाकावर टिडकम सायडरचा, म्हणजे सफरचंदाच्या दारूचा, मग घेऊन बसला होता. आसपास पंधरावीस माणसं. मेजरसाहेबांना पाहताच तो टोपी काढून उठला आणि आपली जागा त्यांना देऊ लागला.

"बस, टिडकम, बस. मला तुझ्याशी जरा..."

"मोठ्यानं बोला, साहेब!" गुत्तेवाली मिसेस पर्किस दारातून म्हणाली. "ठार बहिरा झालाय. पैसे मागितले की जास्तच!"

माणसं हसली. टिडकम कानामागे हात धरून वाट बघत होता. "बोला साहेब. कानात ओरडा. लाजू नका."

सगळे ऐकत होते. एवढ्यांसमोर ते शब्द ओरडून सांगायचे होते.

"हवा छान आहे!" मेजरसाहेब ओरडले.

टिडकमनं कानामागचा हात खाली घेतला.

"हो साहेब," तो म्हणाला. "हवा छान आहे."

परतीच्या वाटेवर त्यांना त्या सामन्यानंतरच्या काळातला, पलटणीतला एक शिपाई आठवला. पहाऱ्यावर डुलकी लागली नाही, असं तो खोटं बोलला होता. त्याला त्यांनी सर्वांसमोर उभं करून म्हटलं होतं, झोपेची शिक्षा मी एकवेळ माफ करीन, खोट्याची नाही. एकोणीस वर्षांचं पोर होतं. त्याच्या नजरेला त्यांनी नजर कशी दिली असेल, याचं आता त्यांना नवल वाटलं. आगगाडीच्या काचेत स्वतःचं तोंड दिसत होतं. त्यांनी पडदा ओढून घेतला.

रविवारी त्यांनी सहा कागद फाडले. कशात रिवाज आला, कशात तरुणपण आलं, एकात तर पॅव्हेलियनमध्ये बसलेले वडीलही आले. सगळं खरं होतं आणि सगळं आडोसा होतं. सातव्यात त्यांनी लिहिलं:

'श्री. टिडकम, हो. चेंडू लागला होता. मला त्याच क्षणी कळलं होतं. तुम्ही खरं बोललात आणि मी उभा राहिलो. काल हेच सांगायला आलो होतो, पण लोकांसमोर ओरडायचं धैर्य झालं नाही. हे पत्र गावाला दाखवा. अशीच एक प्रत मी तुमच्या कमिटीला पाठवतो आहे. तुमच्या पत्नीला कळायला हवं होतं, तेवढं माझ्या हातून आता होणार नाही. लायनेल गार्स्टँग.'

सोमवारी सकाळी हॅरिएट टोपी घालून दारात उभी राहिली. "गावात चाललेय. दे, टपालपेटीत टाकते."

"नको," ते म्हणाले. "मीच जातो."

पेटीपाशी पाद्रीसाहेबांच्या पत्नी भेटल्या आणि राजाच्या जुबिलीच्या जेवणात त्या शतकाबद्दल दोन शब्द बोलाल ना, म्हणून विचारू लागल्या. मेजरसाहेबांचे कान तापले.

"बोलेन," ते म्हणाले. "पण ऐकून तुम्हाला आवडणार नाही."

आणि बाई पाहत असतानाच त्यांनी दोन्ही पाकिटं पेटीत सोडली.