थांबलेल्या मागांचा आवाज

कापडगिरण्यांच्या वूच शहरातल्या स्टुडिओत ब्रोन्या विल्कोश कितीतरी वर्षं फिती कापून सिनेमे जोडत होती. पोस्टरवर दिग्दर्शकाचं नाव झळके, तिचं कुठेतरी तळाशी. त्याचं तिला काही वाटत नसे.

कालेता या दिग्दर्शकाच्या नव्या सिनेमात कापडगिरणीतल्या बायका संप पुकारून एकीमागून एक माग बंद करतात, असा प्रसंग होता. वॉर्साहून आलेल्या सरकारी समितीने बजावलं, हे दृश्य काढा, नाहीतर सिनेमा लागणार नाही. कालेताने मुकाट्याने मान डोलावली.

"काप बाई," तो ब्रोन्याला म्हणाला. "मला तोंडघशी पाडू नकोस."

ब्रोन्याची आई अशाच गिरणीत मागांच्या खडखडाटाने बहिरी झाली होती. ब्रोन्याने दृश्य कापलं, चोख कापलं. मागांचा आवाज मात्र ठेवला, आणि तो पुढच्या लग्नाच्या मेजवानीच्या दृश्याखाली घातला. पडद्यावर पाहुणे व्होडकाचे पेले उचलत होते आणि मागे खडखडाट हळूहळू विरत होता.

समितीने घाईघाईत पाहिलं, दृश्य नाही एवढी खात्री केली आणि परवानगी दिली. पण वूचमध्ये घरटी एक बाई गिरणीत. पहिल्याच खेळाला थिएटरातल्या बायकांनी तो आवाज ओळखला. शेवटच्या मागाचा आवाज बंद पडला तेव्हा मागच्या रांगांतल्या बायका उठून उभ्या राहिल्या.

पंधरवड्यात सिनेमा उतरवला गेला आणि ब्रोन्याला बोलावणं आलं. समितीच्या साहेबांनी विचारलं, तो आवाज कसला?

"मागांचा. दृश्य काढायला सांगितलंत, ते काढलं."

"शहाणपणा पुरे, बाई. चूक झाली म्हणून लिहून द्या, प्रकरण मिटेल."

"चूक नाही झाली, साहेब. ठरवून केलंय. तसं हवं तर लिहून देते."

तिची रवानगी शैक्षणिक विभागात झाली. दात कसे घासावेत, मधमाश्या कशा पाळाव्यात, असले सिनेमे. तेही ती जीव लावून जोडायची.

दुसऱ्या वर्षी कालेता आला. नवा सिनेमा तुझ्याशिवाय होणार नाही म्हणाला, दोन ओळींची माफी लिहून दे म्हणून गळ घातली. ब्रोन्याने त्याच्यापुढे चहा ठेवला.

"माफी तू माग," ती म्हणाली. "मान तू डोलावलीस."

चहा तसाच टाकून तो गेला. तिने फिती जोडायचं यंत्र पुन्हा सुरू केलं. मोठा सिनेमा तिच्या हाती परत कधी आला नाही, आणि तिने माफीवर सहीही केली नाही.