रोज सकाळची चाचणी

लिफ्टवाला रोज सकाळी आपल्या मुलीला पाडायचा.

दचकू नका. पाडायचा म्हणजे फार तर दोन बोटं, तेही गादीवर. एक हात तिच्या पाठीखाली, दुसरा डोक्याखाली, आणि मग डोक्याखालचा हात अचानक जरासा खाली न्यायचा. त्यासरशी पोरीचे दोन्ही हात फाडकन बाहेर उघडायचे, बोटं पसरायची आणि मग कुणाला तरी बिलगावं तसे ते हात छातीशी यायचे. कधी ती भोकाड पसरायची, कधी नुसतंच तोंड वाकडं करायची. दोन्ही हात सारखे उघडले की लिफ्टवाल्याचा जीव भांड्यात पडायचा आणि तो दात घासायला जायचा. बायको त्या वेळी स्वयंपाकघरात असायची. तिला यातलं काही ठाऊक नव्हतं. ठाऊक असतं तर तिनं त्यालाच जिन्यावरून पाडलं असतं.

ही खोड त्याला लागली ती भीतीपोटी. मुंगी जन्मली तेव्हा रडलीच नव्हती. मुंगी हे तिचं खरं नाव नव्हे. एवढीशी होती म्हणून बापानं ठेवलेलं. निळसर, पिळून ठेवलेल्या फडक्यासारखी गप्प. आतमध्ये डॉक्टर आणि नर्स तिची पाठ चोळत होत्या, तिच्या नाकातोंडाला नळ्या लावत होत्या, आणि काचेच्या दाराबाहेर हा उभा होता. दिवसभर लिफ्टच्या खोल खड्ड्यावर लोंबकळून दुरुस्त्या करणारा हा गडी, तिथं फरशीवर भिंत धरून उभा होता. शेवटी मांजरीच्या पिल्लासारखा एक बारीक आवाज आला. पण तेवढ्या वेळात तिच्या मेंदूला हवा कमी पडली असेल का, हा प्रश्न सगळ्यांच्या डोळ्यांत होता आणि कुणाच्याच तोंडात नव्हता.

घरी सोडायच्या दिवशी बायको सामान आवरत होती, तेव्हा लहान मुलांच्या डॉक्टरीणबाईंनी त्याला बोलावून घेतलं. बाई वयस्कर, तोंडानं फटकळ. "बाप ना तुम्ही? मग लांब काय उभे? या, बघून घ्या," म्हणाल्या. त्यांनी मुंगीच्या गालाला बोट लावलं, तर तिनं तोंड तिकडे वळवून दूध शोधलं. तळहातात बोट ठेवलं, तर ते मुठीत घट्ट धरलं. उभं धरून पाय टेबलाला टेकवले, तर बया चक्क पावलं टाकू लागली! आणि मग बाईंनी ते डोकं किंचित सोडलं. दोन्ही हात पंख्यासारखे उघडले.

"हे कुणाला शिकवावं लागत नाही. मुलं जन्मतानाच बरोबर घेऊन येतात," बाई म्हणाल्या. "आहे, आणि दोन्ही बाजूंना सारखं आहे. म्हणजे आतली तार शाबूत आहे."

पुढंही त्या बरंच काही बोलल्या, पण लिफ्टवाल्याच्या कानात काही शिरलं नाही. तो त्या दोन हातांकडे बघत राहिला. त्याच्या धंद्यातही नेमकं हेच होतं. लिफ्टच्या डब्याला खाली दोन बाजूंना जबडे असतात. डबा भलत्या वेगानं खाली येऊ लागला की ते रुळांना करकचून पकडतात. चालतात की नाही, हे बघायला डबा मुद्दाम वेगानं सोडावा लागतो. नुसतं बघून कुणीही सांगू शकत नाही. त्यामुळे पोरगी घरी आली आणि दुसऱ्याच दिवशी सकाळी त्यानं दार लोटून घेतलं.

असे काही महिने गेले. मुंगी बाळसं धरू लागली, हसू लागली, रात्रीची झोपू लागली. बायकोचा चेहरा निवळला. हा मात्र रोज सकाळी चाचणी घेतल्याशिवाय पायात चप्पल घालत नव्हता. मध्यंतरी हात जरा आळसावल्यासारखे उघडायला लागले, तेव्हा मनात पाल चुकचुकली. पण झोपेत असेल, म्हणून त्यानं स्वतःची समजूत घातली.

आणि एका सकाळी हात उघडलेच नाहीत.

त्यानं पुन्हा केलं. काही नाही. मुंगी टक्क जागी होती, त्याच्याकडे बघत होती, आणि हात आपले पोटावर. त्यानं तिसऱ्यांदा केलं, जरा जास्तच खाली नेऊन. डोकं हातात येऊन पडलं. हात जागचे हलले नाहीत.

"चहा निवतोय!" आतून बायको ओरडली.

"नको मला," तो म्हणाला आणि तसाच घराबाहेर पडला. सांगणार काय आणि कोणत्या तोंडानं?

त्या दिवशी एका उंच इमारतीत वार्षिक चाचणी होती. तो आणि त्याचा जोडीदार डबा रिकामा करून वेगानं खाली सोडत होते. जबड्यांनी रूळ धरले, सगळा खड्डा दणाणला. "पकडलं रे!" जोडीदार खुशीत ओरडला. लिफ्टवाल्याला ते ऐकून रडू यायला लागलं. इमारतीतले एक शंकेखोर आजोबा जिन्यात खुर्ची टाकून बसले होते. ते म्हणाले, "एवढं चांगलं चालतंय, तर दर आठवड्याला करून बघत जा की! वर्षातून एकदा कसलं?"

जोडीदार हसला. "आजोबा, रोज रोज पाडली तर जबडे झिजतील ना! मग खरी वेळ आली की धरणार काय, कप्पाळ?"

लिफ्टवाल्याच्या हातातला पाना खाली पडला. हे वाक्य त्यानं स्वतः किती लोकांना ऐकवलं होतं! अगदी ह्याच शब्दांत ऐकवलं होतं. रोज पाडून झिजतं, हे सगळ्या गावाला सांगणाऱ्या माणसानं स्वतःच्या पोरीला रोज पाडलं होतं. जन्मताना जे वाचलं होतं ते बापानं घासून संपवलं होतं.

"अरे, काय झालं? भूत बघितल्यासारखा काय करतोस?" जोडीदारानं विचारलं.

"घरी जातो," एवढंच तो बोलला. त्या अवस्थेत त्याला लिफ्टमध्ये पाय ठेववेना, म्हणून सगळे मजले पायी उतरला.

बायको मुंगीला दुपट्यात गुंडाळत होती. "मुंगीला डॉक्टरांकडे न्यायचंय. आत्ता," तो म्हणाला.

"का? काय झालंय तिला?"

"तिचे हात उघडत नाहीत."

"अहो, काहीतरीच काय! मघाशी माझे केस उपटलेत तिनं."

"ते वेगळं. तुला नाही कळायचं."

हे शेवटचं वाक्य बोलायला नको होतं. बायको त्याच्याकडे बघतच राहिली, आणि हळूहळू तिच्याही तोंडचं पाणी पळालं. दवाखाना दोन गल्ल्या सोडून होता. सबंध रस्ताभर ती "काय लपवताय माझ्यापासून?" एवढंच विचारत राहिली आणि हा नुसता भराभरा चालत राहिला. मुंगीला त्यानं बायकोकडेच ठेवलं होतं. पोरीला हात लावायचं धाडस त्याला होईना.

डॉक्टरीणबाईंनी मुंगीला टेबलावर घेतलं. डोळ्यांत बॅटरी मारली, पाय वाकवून पाहिले, खुळखुळा एका बाजूला वाजवला तर मुंगीनं झटकन मान वळवली. "चांगली टुणटुणीत आहे की! आणलंत कशाला?"

"ते डोकं सोडून बघा ना," लिफ्टवाला म्हणाला. "हात उघडत नाहीत आता."

बाईंनी चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं, मग मुंगीचं डोकं अलगद उचलून किंचित सोडलं. मुंगी दचकली. हात पूर्वीसारखे फाडकन नाहीत, पण अर्धेमुर्धे उघडले, ओठ थरथरले आणि तिनं मोठ्यानं गळा काढला.

"उघडले की," बाई म्हणाल्या. "आणि हे आता जाणारच आहे. तुम्हाला तेव्हाच सांगितलं होतं, चार-सहा महिन्यांत आपोआप जातं म्हणून. जायलाच हवं. मेंदू वाढला की ही जन्माबरोबर आलेली हालचाल मागे पडते आणि मूल आपल्या मनानं हात हलवायला लागतं. राहिलं असतं तर मी काळजी केली असती."

"पण माझ्या हातात बिलकूल उघडत नाहीत!"

"तुमच्या हातात?" बाई थांबल्या. "तुम्ही काय करता नेमकं? दाखवा."

आता सुटका नव्हती. बायको समोर उभी होती. लिफ्टवाल्यानं हात पुढं केले, एक पाठीखाली घातला, एक डोक्याखाली. त्या हातांना या कामाची चांगलीच सवय झालेली दिसत होती. मुंगीचं रडणं थांबलं. त्यानं डोकं सोडलं आणि धरलं. मुंगीचे हात पोटावर होते तसेच राहिले. ती त्याच्याकडे बघून बोळकं पसरून हसली आणि पुढच्या वेळेची वाट बघत राहिली.

"रोज?" बायकोनं विचारलं. आवाज अगदी खाली गेला होता.

"रोज," तो म्हणाला. "जन्मली तेव्हा रडली नाही ना गं ती. मला रोज बघितल्याशिवाय राहवायचं नाही. मीच बिघडवलं असेन तिला."

बायकोनं तोंडावर पदर धरला. ती रडतेय की रागावलीय, ते कळेना.

"बिघडलं काही नाही," बाई म्हणाल्या. "पण हा खेळ आजपासून बंद. मानेला बरा नव्हे. आणि पुस्तकात असं लिहिलेलं नाही, हे माझं आपलं म्हणणं. माझे हात परके, गार. ते सोडतील अशी तिला भीती वाटते, म्हणून दचकते. तुमच्या हातांना ती ओळखते. पडले तरी हे धरतात, एवढं तिला कळलंय. मग ती कशाला धडपड करेल?"

लिफ्टवाल्याला वाटलं होतं, असं काही ऐकलं की सुटल्यासारखं वाटेल. पण उलटंच झालं. इतके दिवस तो एवढंच बघत होता, की वेळ आली तर पोरगी स्वतःला सावरेल ना. आणि पोरीनं ते काम परस्पर त्याच्याकडे देऊन टाकलं होतं. त्याला विचारलंसुद्धा नव्हतं. एवढी भीती त्याला त्या काचेच्या दाराबाहेरही वाटली नव्हती.

"ठेवा आता तिला टेबलावर," बाई म्हणाल्या.

मुंगी अजून हसत होती. लिफ्टवाल्याला तिच्या डोक्याखालचा हात काढवेना.