वाटेवरचा उजेड

फळ्यावर दोन फटी काढून झाल्या होत्या. त्यांच्यातून पलीकडे पसरणाऱ्या लाटांच्या कमानी रंगराव खरात सर एकेक करून ओढत होते, तेवढ्यात डाव्या डोळ्याच्या कडेला पुन्हा वीज चमकली.

सरांचा हात थांबला. त्यांनी मान वळवून खिडकीबाहेर पाहिलं. दिवाळीनंतरचं स्वच्छ ऊन पडलं होतं, आभाळात ढगाचं नाव नव्हतं. वर्गातली पोरं वह्यांत माना घालून आकृती उतरवत होती. चमकलेलं कोणालाच दिसलं नव्हतं, कारण बाहेर काही चमकलंच नव्हतं. गेल्या आठवड्यापासून हे चालू होतं. मान जरा झटकन वळली की डोळ्याच्या कोपऱ्यात उजेडाची एक रेघ लखकन उमटायची आणि विझायची. मागोमाग काळे ठिपके तरंगत यायचे, पाण्यात कोणी चिमूटभर काजळी सोडल्यासारखे.

"तर एका प्रयोगात प्रकाश तरंगासारखा वागतो," फळ्याकडे तोंड ठेवूनच ते म्हणाले, "आणि दुसऱ्या प्रयोगात, धातूवर पडून इलेक्ट्रॉन बाहेर काढतो तेव्हा, कणासारखा. म्हणून प्रकाशाचं स्वरूप दुहेरी. लिहा."

डोणगावच्या त्या ज्युनिअर कॉलेजात लागल्यापासून दर हिवाळ्यात ते हे वाक्य सांगत आले होते. पोरं लिहून घ्यायची, सर पुढच्या सूत्राकडे वळायचे. त्या वाक्याला अडून बसणारं कोणी सहसा भेटत नसे. आज दुसऱ्या बाकावरची समीक्षा उभी राहिली.

"सर, परीक्षेत काय लिहायचं ते समजलं. पण तो खरा काय आहे?"

"सांगितलं ना. दोन्ही."

"दोन्ही कसा राहील, सर? लाट पसरते. कण एका जागी राह्यते. एकच वस्तू पसरलेली बी अन् एका जागी बी, असं कसं?"

एरवी या प्रश्नावर सरांचा चेहरा खुलला असता. औरंगाबादला शिकताना हाच प्रश्न त्यांनी स्वतः मित्रांशी वाद घालत मेसच्या टेबलावर चघळला होता. पण ती बोलत असतानाच डोळ्याच्या कडेला वीज पुन्हा चमकली.

"जेवढं विचारतात तेवढं लिहायचं," ते तुटकपणे म्हणाले. "मार्क त्याचेच मिळतात. बस खाली. नसती हुशारी नको."

मागच्या बाकांवर खसखस पिकली. समीक्षा बसली. तिनं पेनाचं टोपण लावलं आणि तास संपेपर्यंत काढलं नाही.

घरी जाताना सर रस्त्याच्या कडेनं चालत होते. डावा डोळा झाकून पाहायचे, मग उजवा. कडेचं दिसतंय ना, एवढंच त्यांना पाहायचं होतं. त्यांच्या आईचं, झुंबरबाईंचं, असंच आधी कडेचं गेलं होतं, मग हळूहळू मधलं. काचबिंदू होता. शेवटची वर्षं ती ओट्यावर बसून पावलांच्या आवाजावरून माणसं ओळखायची आणि दिवस आहे का मावळला, असं येणाऱ्या-जाणाऱ्याला विचारायची. हे दुखणं आईकडून लेकाकडे येऊ शकतं, असं सरांनी कुठंतरी वाचलं होतं. वाचलं आणि त्या दिवसापासून डोळ्यांच्या डॉक्टरची पायरी चढले नाहीत. चष्म्याचा नंबरसुद्धा दुकानातल्या दुकानात बदलून घ्यायचे. विद्यार्थ्यांना मोजल्याशिवाय काही मानू नका म्हणून सांगणारा हा माणूस स्वतःचा डोळा मोजून घ्यायला भीत होता.

त्यांच्या पत्नी अन्नपूर्णाबाई मळ्यातून नुकत्याच आल्या होत्या. वांग्याचे क्रेट दारात लावून त्यांनी चहा ठेवला. सर कपातून बशीत चहा ओतू लागले आणि निम्मा चहा खाली सांडला.

बाईंनी फडकं आणून पुसलं. मग समोर बसून म्हणाल्या, "तुमी चार रोजापासून मान वाकडी करून काऊन पाहून राह्यले?"

"काही नाही. झोप झाली नाही."

"झोप नाही झालेला माणूस जांभया देते. तुमी कोंबडीवानी मान फिरवून राह्यले. काय झालं ते सांगा."

सरांनी बशी खाली ठेवली. उजेड, ठिपके, सगळं सांगितलं. आणि शेवटी म्हणाले, "मायच्या वाटेनं चाललो वाटते मी."

अन्नपूर्णाबाईंनी फडकं पिळून बाजूला ठेवलं. सासूला हात धरून न्हाणीत नेणं, ताटात भाजी कुठं अन् भाकर कुठं हे सांगणं, सगळं त्यांनीच केलं होतं. ते दुखणं त्यांच्याइतकं जवळून कोणी पाहिलं नव्हतं.

"उद्या चिखलीले जाऊ," त्या म्हणाल्या.

"उद्या प्रॅक्टिकल आहे पोरांचं."

"पोट्टे कुठी पळून जात नाहीत. आत्याबाईच्या डोळ्याले बी असंच उद्या-परवा करत राह्यलो आपण."

सरांनी रजेचा अर्ज लिहायला कागद काढला.

चिखलीच्या त्या दवाखान्यात डोळ्याच्या पडद्याच्या डॉक्टर आठवड्यातून एकदाच यायच्या, आणि योगायोगानं ते दोघं गेले तो वार तोच निघाला. नाव योगिनी, वय असेल सरांच्या जुन्या विद्यार्थिनींएवढं. थेंब घालून घालून सरांच्या बाहुल्या मोठ्या केल्या होत्या. समोरच्या भिंतीवरचं कॅलेंडर धूसर झालं होतं, ट्यूबलाइट डोळ्यांत घुसत होती. डॉक्टर यंत्रातून बराच वेळ पाहत राहिल्या. वर बघा, खाली बघा, डावीकडे. सरांना ती शांतता सोसवेना.

"काचबिंदू आहे ना?" त्यांनी विचारलं.

"नाही," डॉक्टर यंत्रामागूनच म्हणाल्या. "डोळ्याचा दाब चांगला आहे. नससुद्धा चांगली आहे."

"माझ्या आईला होता."

"म्हणून वर्षातून एकदा तपासून घ्यायचं. पण तुम्हाला तो नाही." त्या यंत्र बाजूला सारून समोर आल्या. "डोळ्याच्या आत जेलीसारखा द्रव असतो. वय वाढलं की तो आकसतो आणि मागच्या पडद्याला ओढ बसते. तुमच्या पडद्याला त्या ओढीनं एक छिद्र पडलंय. छोटं आहे."

"आणि तो उजेड?"

"पडद्याला दुसरं काही सांगताच येत नाही. त्याला ओढलं तरी तो उजेडच सांगतो. आज लेझरनं छिद्राभोवती कुंपण घालून टाकू. अजून थांबला असतात तर पडदा सुटायची भीती होती. वेळेत आलात."

अन्नपूर्णाबाई मागं उभ्या होत्या. त्यांनी पुढं होऊन सरांकडे बोट दाखवत विचारलं, "म्हंजे यायले दिसत राहील?"

"दिसत राहील, काकू."

सरांनी शर्टाच्या खिशातला चष्मा काढला, काचा पुसल्या आणि परत खिशात ठेवला. तेवढ्यानं भागेना म्हणून पुन्हा काढून पुसला.  बाई भिंतीला टेकल्या आणि पदरानं मान पुसू लागल्या.

लेझरच्या खोलीत सरांना यंत्राच्या चौकटीवर हनुवटी टेकवायला सांगितलं. डोळा बधिर केला होता, तरी पहिल्या ठोक्याला ते दचकले. हिरवा लखलखाट आणि खोल आत सुई टोचल्यासारखं काहीतरी. मग दुसरा. मग एकामागोमाग एक. गारा पत्र्यावर पडाव्यात तसे ते ठोके येत होते. एकेका ठोक्यात प्रकाशाचे कोट्यवधी कण असणार आणि यानं प्रकाश कणच आहे असं काही सिद्ध होत नाही, हे सरांना पक्कं माहीत होतं. तरीसुद्धा, आयुष्यभर ज्याला फळ्यावर बाणानं दाखवलं तो प्रकाश आज आपल्याच अंगात कुठंतरी येऊन पोचतो आहे, पोचला की पसरत नाही, एका जागी आपलं काम करून संपतो, हे त्यांना हिरव्या अंधारात फार स्पष्ट जाणवलं. भीती गेली होती. उरलं होतं ते कुतूहल, फार दिवसांनी भेटलेल्या ओळखीच्या माणसासारखं.

परतीची एसटी सुटली तेव्हा दिवस मावळत होता. त्यांना चालकाच्या मागच्या बाकावर जागा मिळाली. समोरून येणाऱ्या गाड्यांचे दिवे सरांच्या मोठ्या झालेल्या बाहुल्यांना सहन होईनात. हे पाहून अन्नपूर्णाबाईंनी आपल्या साडीचा पदर त्यांच्या तोंडावरून ओढला.

"घ्या झाकून. अन् गुमान बसा."

साडी झिरझिरीत, बारीक विणीची. सरांनी डोळे मिटले नाहीत. दूरवरून एक मोटारसायकल येत होती. पदराआडून त्यांनी तिच्या दिव्याकडे पाहिलं आणि ते तसेच पाहत राहिले. दिवा एक राहिला नव्हता. मधे एक, त्याच्या चहूबाजूंना नेमक्या अंतरावर दुसरे, त्यांच्या पलीकडे आणखी फिकट, अशी उजेडाच्या ठिपक्यांची चौकट हवेत मांडली होती. बाजूच्या प्रत्येक ठिपक्याची आतली कड निळसर, बाहेरची तांबूस. मोटारसायकल भुर्रकन निघून गेली. मागून दुसरा दिवा आला, त्याचीही तीच चौकट झाली.

कॉलेजच्या प्रयोगशाळेत हा प्रयोग कधी धड जमला नव्हता. सरांनी हे पुस्तकातल्या चित्रांत पाहिलं होतं, फळ्यावर काढलं होतं, पेपरात तपासलं होतं. आणि पदर तर घरात रोजच वाळत पडत होता.

ते हसायला लागले.

"काय झालं?" बाईंनी घाबरून विचारलं. "पुन्हा चमकलं काय?"

"नाही. हे धर, डोळ्यापुढं धर अन् त्या दिव्याकडे पाहा."

अन्नपूर्णाबाईंनी पदर डोळ्यांपुढे ताणला. "अगं माय," त्या हळूच म्हणाल्या. "एकाचे किती दिवे झाले."

"दिवा एकच आहे."

"ते मले समजते." त्या पाहतच राहिल्या. "पण हे सारे आले कुठून?"

"धाग्यांच्या मधून उजेड लाटेसारखा जाते. लाट पसरते, एकमेकीत मिसळते. कुठी वाढते, कुठी पुसून जाते. म्हणून असे ठिपके." मग थोडं थांबून ते म्हणाले, "अन् दवाखान्यात हाच उजेड डोळ्यात ठोके मारून राह्यला होता."

"मंग तो हाय कसा?"

सरांनी उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि त्यांच्या लक्षात आलं की आपण 'दोन्ही' म्हणणार आहोत. ते पुन्हा समोरून येणाऱ्या दिव्यांकडे पाहू लागले. मेहकरपर्यंत बाई मधूनमधून पदर ताणून दिवे पाहत होत्या.

डॉक्टरांनी सांगितलेली विश्रांती संपवून ते वर्गावर गेले तेव्हा समीक्षा तिच्या जागी होती, पण मान खाली होती. सरांनी हजेरी घेतली नाही. खडूही उचलला नाही.

"समीक्षा, त्या दिवशी तू जे विचारलं होतं ते बरोबर होतं. मी रागावलो ते चुकलं. माझं मन ठिकाणावर नव्हतं."

मागच्या बाकांवरच्या माना वर झाल्या. शिक्षक असं बोलतात याची पोरांना सवय नव्हती.

सरांनी कुलदीप नावाच्या उंच पोराला मोबाइलची बॅटरी लावून व्हरांड्याच्या पार टोकाला उभं केलं. खिडक्या लावून घेतल्या. व्हरांड्यात दुपारीही अंधार असे, तो आज कामी आला. मुलींच्या गणवेशाच्या ओढण्या पातळ होत्या. एकेकानं ओढणी डोळ्यांपुढे ताणून बॅटरीकडे पाहायचं, असं ठरलं. पहिल्यांदा सगळे हसत होते. मग ओढणी खाली घ्यायला कोणी तयार होईना. समीक्षानं पाहिलं, ओढणी तिरपी फिरवून पाहिलं, आणि ठिपक्यांची चौकटही तिरपी फिरली तेव्हा सरांकडे वळून पाहिलं.

"ही लाट," सर म्हणाले. "आता ऐक. वाटेवर असतो तेव्हा तो असा लाटेसारखा वागतो. कुठंतरी पोचतो तेव्हा कणासारखा पोचतो, एका जागी, अख्खाच्या अख्खा. दोन्ही मोजून पाहिलेलं आहे, त्यात शंका नाही. पण वाटेवर लाटेसारखा आणि पोचताना कणासारखा वागणारा तो मुळात खरा काय आहे, ते मला माहीत नाही."

"कोणालेच नाही माहीत, सर?"

"मोठमोठी माणसं अजून भांडतात त्यावरून. मला तरी माहीत नाही."

इतकी वर्षं त्यांनी हे शब्द वर्गात उच्चारले नव्हते. उच्चारले तर पोरांचा विश्वास उडेल, असं वाटायचं. पण कोणी हसलं नाही. समीक्षानं पेनाचं टोपण काढलं, आणि लगेच पुढचा प्रश्न विचारला, तोही त्यांना न येणारा. सर टेबलाच्या कडेवर बसले आणि म्हणाले, "चला, यावर विचार करू."

त्या संध्याकाळी अन्नपूर्णाबाईंनी मळ्यातून मेथी आणली होती. अंगणात गोणपाट टाकून त्यांनी जुड्या सोडल्या आणि निम्मा ढीग सरांपुढे सारला. सर पाट घेऊन बसले. पिवळं पान बाजूला, किडीनं चाळण केलेलं पान बाजूला, देठाला चिकटलेली मातीची कणी नखानं काढून टाकायची.

"दिसते ना नीट?" बाईंनी विचारलं.

"दिसते."

त्यांनी एक पान वर धरलं. मावळत्या उजेडात त्याच्या शिरा दिसत होत्या, आणि एका शिरेवर पानाच्याच रंगाचा एक बारीक किडा चालला होता. सरांनी त्याला फुंकर मारून उडवलं, पान परडीत टाकलं आणि दुसरं उचललं.