मुलगी घरी पोचत नाही

मावशींच्या शिक्क्याशिवाय त्या कारखान्यातून खेळाचं एकही मशीन बाहेर पडत नसे, आणि तो शिक्का उलटा असे.

आठ वर्षांपूर्वी मावशी तपासणीच्या स्टुलावर पहिल्यांदा बसल्या, तेव्हा त्यांची शाळा नावापुरतीच झालेली होती. अक्षरांशी ओळख होती ती रस्त्यात भेटल्यावर मान हलवण्यापुरती. हातात रबरी शिक्का आला. त्यावर फक्त 'तपासले' एवढंच. सरळ कुठलं नि उलटं कुठलं हे कुणी सांगितलं नाही, आणि विचारणं मावशींच्या स्वभावात नव्हतं. रबरावर एक लांब रेघ दिसली. रेघ म्हणजे जमीन, असा त्यांनी अंदाज बांधला आणि अक्षरं त्या जमिनीवर उभी केली. पुढे वाचता येऊ लागलं, चूक कळली, तरी त्यांनी शिक्का फिरवला नाही. "अक्षरं छताला लोंबकळत ठेवण्यापेक्षा ओट्यावर मांडलेली बरी," असं त्या म्हणत. "ज्याला वाचायचंय त्यानं मान वाकडी करावी."

त्या बुधवारी नव्या खेळाची बारा मशीनं दाराशी ओळीनं उभी होती. शनिवारी सकाळी व्यापारी ट्रक घेऊन यायचा होता. मावशी तीन दिवस पहिल्या मशीनपुढे ठाण मांडून बसल्या होत्या, एक हात दांड्यावर, एक बटणावर.

खेळ साधाच होता. एक उंच मनोरा, माथ्यावर राक्षस, त्याच्या शेजारी एक मुलगी. राक्षस वरून चाकं सोडतो, आणि खालून एक टपालवाला शिड्या चढत येतो. मुलगी दोन्ही हात हलवून ओरडते, म्हणजे तिच्या डोक्यावर 'वाचवा' अशी अक्षरं लुकलुकतात. टपालवाला पोचला रे पोचला, की राक्षस तिला कंबरेला धरून उचलतो आणि दुसऱ्या मनोऱ्यावर नेतो. असे चौदा मनोरे. चौदावा संपला की पुन्हा पहिला, फक्त चाकं दुप्पट वेगानं.

मावशींनी चौदाच्या चौदा मनोरे चार वेळा पार केले. मग दोषांची वही पुढे ओढली. त्या वहीत आजवर 'बटण अडकतं', 'आवाज खरखरतो' असली दुखणी लिहिलेली होती. मावशींनी पेन दाबून दाबून लिहिलं, 'मुलगी घरी पोचत नाही.'

दुपारी मालक वही घेऊन आले.

"मावशी, हे काय?"

"दोष आहे. लिहिला."

"हा दोष नाही. खेळच तसा आहे."

"मग खेळात दोष आहे."

मालक हसले. माणूस वाईट नव्हता. नाणं टाकायच्या फटीतून जेवढं जग दिसतं तेवढंच त्यांना दिसे, इतकंच. "अहो, मुलगी घरी गेली की गिऱ्हाईकही घरी जातं. मग नाणं टाकणार कोण?"

"आणि ती घरी जात नाही तेव्हा गिऱ्हाईक काय करतं? इकडे या जरा." मावशींनी भिंतीशी दुरुस्तीला आलेली तीन जुनी मशीनं दाखवली. तिन्हींचा खालचा पत्रा एकाच जागी आत गेलेला होता. "या लाथा आहेत. हातोडीनं हे पोचे काढून काढून माझ्या लेकीचा खांदा निखळायची वेळ आली. हरलेला माणूस लाथ मारत नाही, मालक, तो खिसा चाचपतो. लाथ मारतो तो फसवलेला."

मालकांनी मदतीसाठी मागे बघितलं. मागे चष्मिश उभा होता. खेळ त्यानंच रचला होता आणि चष्मा पुसल्याशिवाय त्याला उत्तर सुचत नसे.

"जागा नाही मावशी," चष्मा पुसून तो म्हणाला. "चिपमध्ये चित्रांसाठी मोजके खण असतात, ते सगळे भरलेत. शेवट दाखवायचा म्हणजे मुलीला चालवायला हवं. आणि तिला पायच नाहीत."

"पाय नाहीत?"

"काढलेलेच नाहीत. खाली नुसता झगा आहे. उभं राहायला पुरतो."

"चौदा मनोरे फिरते ती पोरगी, आणि तिला पाय नाहीत?"

"फिरत नाही ना. तिला उचलून नेतात."

सोल्डर करणाऱ्या बायकांत कुणीतरी फिसकन हसलं. मावशी हसल्या नाहीत. मालकांचा आवाज मात्र आता बदलला. "हे बघा, शनिवारी ट्रक येतोय. शिक्का मारा, नाहीतर शिक्का माझ्याकडे द्या. स्टूल रिकामं राहणार नाही."

मावशींनी खिशातून शिक्का काढून त्यांच्या तळहातावर ठेवला. "घ्या. पुढच्या लाथाही तुमच्या."

मालक गेल्यावर लेक सोल्डरची कांडी खाली ठेवून जवळ आली. "आई, तुझं स्टूल गेलं तर काय करशील? त्या बाहुलीसाठी एवढं कशाला? खेळातली आहे ती."

"तुला घेऊन मी सासर सोडलं तेव्हा तू बाहुलीएवढीच होतीस," मावशी म्हणाल्या.

लेकीला ती कथा पाठ होती. तिच्या मामांनी निरोप धाडला होता, थांब, आम्ही न्यायला येतो. त्या 'येतो येतो'त दोन वर्षं गेली. एकदा तर ते खरोखर आले, जेवले, बहिणीला घेऊन गेले आणि आठवड्यानं समजूत काढून स्वतःच परत सोडून आले. मग एका सकाळी मावशींनी लेकीला कडेवर घेतलं आणि कुणाचीही वाट न बघता चालू लागल्या. पायांत वहाणासुद्धा धड नव्हत्या.

"तुझे मामा अजून सांगतात, आम्ही सोडवून आणली म्हणून," मावशी म्हणाल्या. "जा, तुझी कांडी तापली असेल."

शनिवारी सकाळी व्यापारी आला. मालकांनी बारा मशीनांवर स्वतःच्या हातानं, पट्टी लावून, नेटके शिक्के मारले होते. व्यापाऱ्यानं पहिल्या मशीनचं मागचं दार उघडलं, सवयीनं मान डावीकडे वाकडी केली, आणि तशीच धरून थबकला.

"हे मावशींनी बघितलेलं नाही."

"शिक्का आहे की," मालक म्हणाले.

"सरळ आहे."

"शिक्का सरळच असतो."

"इथला नसतो. आठ वर्षं मी मान वाकडी करून वाचतोय, साहेब. गेल्या साली एकानं तुमच्या नावाचा नकली माल माझ्या गळ्यात मारला. त्यावर असाच शिक्का होता, सरळ नि सुबक." त्यानं उरलेली अकरा दारंही उघडून पाहिली आणि पायरीवर जाऊन बसला. "मावशींचा पडला की गाडी भरतो. नाही पडला तर रिकामी नेतो."

मावशी आपल्या स्टुलावर बसून सुटे स्क्रू निवडत होत्या. मालक समोर येऊन उभे राहिले, तरी त्यांनी दोन स्क्रू आणखी निवडले.

"मावशी, शिक्का घ्या."

"पोचली का ती?"

मालकांनी शिक्का तसाच पुढे धरून ठेवला. चष्मिशनंच चष्मा काढला. "मी गुरुवारपासून मांडून बघतोय. चालायचं गणित टपालवाल्याचंच वापरता येतं. पण पायांच्या चित्रांना चार खण लागतात. एकही रिकामा नाही."

"तिच्या ओरडण्याला किती लागतात?"

"'वाचवा'ला? तीन अक्षरं, एकेकाला दोन खण... सहा."

"मग काढ ते."

"ओरडणंच काढू?"

"जिला पाय आहेत ती ओरडत कशाला बसेल? चार पायांना घाल. उरतात किती?"

"दोन."

"त्यात उघडं दार काढ. बंद दाराशी नेऊन उभी करू नकोस तिला."

चष्मिशनं मालकांकडे पाहिलं. मालकांनी पायरीकडे पाहिलं. व्यापारी शांतपणे डबा उघडून बसला होता.

"आणि नंतर?" मालक म्हणाले. "ती दारात गेली, पुढे पडद्यावर काय?"

"'खेळ संपला'," चष्मिश हळूच म्हणाला. "ती अक्षरं आहेतच आधीपासून. टपालवाला मेला की येतात. नवीन खण लागत नाही."

"करा," मालक म्हणाले, आणि नाक ओढलं. "विकलं गेलं नाही तर मात्र मावशींच्या घरी आणून ठेवीन बाराही."

"आणा. माझी जागा तुमच्या चिपसारखी भरलेली नाही."

संध्याकाळी पाचच्या सुमाराला लेकीनं शेवटची चिप बसवली. मावशी पहिल्या मशीनपुढे बसल्या, मागे सगळा कारखाना. चौदाव्या मनोऱ्यावर मुलगी शांत उभी होती, हात खाली. टपालवाला पोचला. राक्षस तिला उचलायला वाकला, तोवर ती शिडीवर होती. पाय जरा फेंगडे होते, घाईत काढलेले. पण ती एकेक शिडी उतरली, खाली आली, उघड्या दारातून आत गेली. पडद्यावर अक्षरं आली. खेळ संपला. त्या कारखान्यात ते शब्द कुणाच्या मरणाशिवाय पहिल्यांदाच उमटत होते.

"टपालवाला वरच राहिला की," व्यापारी म्हणाला. "त्याचं काय?"

"त्याला पाय पहिल्यापासून आहेत," मावशी म्हणाल्या.

व्यापाऱ्यानं खिसा चाचपला, नाणं काढलं. "सरका जरा. बघू मला जमतं का."

"दुसऱ्यावर खेळा. याला शिक्का मारायचाय."

मालकांनी शाईची डबी धरली. मावशींनी प्रत्येक नेटक्या शिक्क्याशेजारी आपला उलटा मारला. बारावा झाल्यावर मालक म्हणाले, "माझे पुसून टाकू का?"

"असू द्या. वाचणाऱ्याच्या मानेला दोन्हीकडे व्यायाम."

मग त्यांनी दोषांची वही ओढली. बुधवारच्या ओळीवर एक आडवी रेघ मारली, जवळच्या रिकाम्या जागेत दोन शब्द लिहिले, 'पोचली. चालत.' वहीत शिक्का मारायची पद्धत नव्हती, तरी खाली एक उलटा शिक्काही ठोकला.