सत्तेचाळीस सेकंदांचा केक

जुन्या टेपच्या डब्यावरची चिठ्ठी. वरची ओळ: "वांडाचं स्वयंपाकघर, नाताळ १९६७". तिच्यावर काट. खाली, दुसऱ्या पेनाने: "बोलिंगचा सामना".

म्हणजे पुसली आणि पुन्हा वापरली. टेप महाग होती, अमेरिकेत बफेलोतल्या आमच्या टीव्ही चॅनेलवर तेव्हा सर्रास पुसत. अकरा वर्षं चाललेल्या वांडाबाईंच्या त्या पाककृतींच्या कार्यक्रमाचं काहीही उरलेलं नाही, असं मी माहितीपटाच्या निवेदनात लिहूनही टाकलं होतं. पण सामना लवकर संपला होता. त्याच्या शेपटाला जुने सत्तेचाळीस सेकंद तसेच राहिले होते.

थांबा, आधी भांडण सांगते. त्या नाताळला वांडाबाईंचा केक टीव्हीवर सगळ्यांदेखत बसला, असं त्यांची नणंद आयरीन चर्चमधल्या शुक्रवारच्या मासळीच्या जेवणात अजून सांगते. वांडाबाई आता एक्क्याण्णव वर्षांच्या आहेत. त्यांचं म्हणणं, बसला नाही.

मी लॅपटॉप घेऊन त्यांच्याकडे गेले.

सेकंद १ ते २०. केक उंच. वांडाबाई खुर्चीत त्याहून ताठ. "बघ पोरी. हे दाखव, आणि आयरीन जिवंत आहे तोवर दाखव."

सेकंद २१. कार्यक्रमाच्या शेवटची नावं वर सरकू लागतात.

सेकंद २६. नावांच्या मागे केक मधोमध खचतो. चौतीस वर्षांची वांडा हसत हसत त्याच्या पुढ्यात येऊन उभी राहते.

मी चित्र थांबवलं. वांडाबाईंनी चष्मा काढून पुसला. नावं आली की कार्यक्रम संपला, म्हणाल्या. तिथवरच दाखवायचं, नाहीतर परवानगीच्या कागदावर सही मिळणार नाही. मी म्हटलं, पुसायचं काम चॅनेलने केलंय, मी परत नाही करणार. त्यांनी कागद बाजूला सारला.

शेवटी त्याच म्हणाल्या, "आयरीनला बोलाव. तिला कळायचं तर माझ्या घरात कळू दे."

आयरीन वॉकर ढकलत आली. तीनदा बघितलं. मी तिच्या जिंकण्याची वाट बघत होते.

"हा ॲप्रन माझा आहे," ती म्हणाली.

"कुठला?"

"तुझ्या अंगावरचा. निळा, आईने शिवलेला. नाताळपुरता नेलास, तो अजून यायचाय."

"काळ्यापांढऱ्या चित्रात तुला निळा कसा दिसला गं?"

"तुला केक उंच दिसायचा ना इतकी वर्षं, तसाच."

वांडाबाईंना हसू आवरेना. हसतानाच त्यांनी सही केली, सगळ्या सत्तेचाळीस सेकंदांवर.

शुक्रवारच्या जेवणात आता केकचं नाव निघत नाही.

सेकंद ४७. वांडा चॉकलेटने माखलेले हात ॲप्रनला पुसते. एवढंच आयरीन मला पुन्हा पुन्हा मागे घ्यायला लावते.