गेणूचा दाखला

औंढ्यात शेताच्या कडेला मी पर्यटकांसाठी सहा खोल्या बांधल्या. लोणावळा भरला की लोक इकडे सरकतात. खोल्या पुऱ्या होतात न होतात तोच कामगार उपकराची नोटीस आली. बांधकामाच्या खर्चातला एक टक्का मालकाने मजुरांच्या कल्याणासाठी सरकारच्या कामगार मंडळाकडे भरायचा. माझं डोकंच फिरलं. मजुरी दिली, चहा दिला, आता कल्याणही मीच करायचं?

आसपासचे अकरा मालक मिळून कोर्टात गेलो. वकिलाने शपथेवर लिहून घेतलं, की घर स्वतःच्या राहण्यासाठी, घरच्यांनीच बांधलं, बाहेरचा मजूर लावला नाही. सहा खोल्यांत आम्ही नवरा-बायको राहणार होतो म्हणे! मी सही केली.

मग कामगार खात्याचे साहेब पाहणीला आले. वरच्या वाडीतला गेणू कुंपणाच्या भिंतीला गिलावा करत होता. पाया खणल्यापासून सात महिने तोच कामाला होता. साहेबांनी विचारलं, तर मी तोंड उघडायच्या आत तोच म्हणाला, "मी मजूर न्हाई सायेब. भाऊंच्या घरचाच हाय. मदतीला आलोय."

त्याला कुणी पढवलं नव्हतं. साहेबांनी ते लिहून घेतलं, खाली गेणूची सही घेतली. मी खूश होऊन त्याला कोंबडी दिली.

चार महिन्यांनी गेणू मुलीला घेऊन आला. संगीताचा नर्सिंगला नंबर लागला होता. त्याच कामगार मंडळात नोंद असलेल्या बांधकाम कामगाराच्या मुलीला शिक्षणासाठी मदत मिळते. नोंदीसाठी मालकाचा दाखला हवा, वर्षभरात नव्वद दिवस काम केल्याचा.

"तेवढी सही करा भाऊ. ग्रामसेवक म्हनतो, आदी मालकाचा कागद आन."

वकिलाला फोन लावला. तो म्हणाला, "सही केलीत तर शपथ खोटी ठरेल. बाकीच्या दहा जणांनाही बुडवाल."

"कोर्टाची तारीख होऊ दे, मग देतो," मी म्हणालो. गेणूला पटलं. त्याला माझं सगळंच पटतं. संगीता नुसती हातातल्या कोऱ्या फॉर्मकडे बघत होती.

तारखेवर तारीख पडत गेली. तिसऱ्या खेपेला गेणूच म्हणाला, "तुमची केस बिघडत आसंल तर ऱ्हाऊ द्या." एवढं ऐकूनही मला काही वाटलं नाही. हाताला मुंग्या येऊन तो बधिर होतो, तसं आतून झालं होतं. ॲडमिशनची मुदत संपली, त्याचीही फक्त बातमी कळली. केस अजून चालूच आहे.

गेल्या शनिवारी खोल्या भरल्या होत्या. माझी बायको माधवी म्हणाली, "झाडलोटीला संगीताला ठेवलीय." बघायला गेलो, तर ती तीन नंबरच्या खोलीत उशांचे अभ्रे बदलत होती. मला बघून तिने शाळेची एक वही पुढे केली. पहिल्या पानावर तारीख, तिचं नाव, केलेलं काम, आणि पुढे मोकळी जागा.

"काका, रोजची हजेरी मी लिहिनार. सही तुमी रोजच्या रोज करायची. न्हाईतर मी उद्यापासून येनार न्हाई."

मी सही केली. तेव्हा कुठे मला लाज वाटली. तिने सही नीट वाचली, वही पिशवीत घातली आणि चादर ओढायला घेतली.