‘कळवतो’ लिहिलेली चिठ्ठी

मी एक जुना कंट्रोलर आहे. व्हिडिओ गेम खेळताना दोन्ही हातांत धरतात ना, तो. सध्या माझा मुक्काम भाईंदरला धर्मेशभाईंच्या दुरुस्तीच्या दुकानात, एका प्लास्टिकच्या डब्यात आहे. माझ्या पोटावर चिकटवलेल्या चिठ्ठीवर लिहिलं आहे, ‘प्रणय, नवघर. कळवतो.’ मित्रांनो, चार महिने मी हा शब्द पोटावर घेऊन पडलो आहे. जन्मभर दुसऱ्यांच्या हातांत राहिलो, पण मला स्वतःचे हात नाहीत. असते तर ही चिठ्ठी मी टराटरा फाडली असती.

माझा जन्म दूरदेशीच्या एका कारखान्यात झाला. तिथे एक यंत्र माझं एकेक बटण पुन्हा पुन्हा दाबून पाहत होतं. अंगठ्याखालचं ‘हो’चं बटण, त्याच्या शेजारचं ‘नको’चं बटण, आणि वरच्या अंगाला नखाएवढं मेनूचं बटण. हे मेनूचं बटण दाबलं की खेळ थांबतो आणि आधी साठवून ठेवलेला जुना खेळ उघडता येतो. ते क्वचितच लागतं, म्हणून ते इतकं लहान केलेलं असतं. सगळी बटणं पास झाली आणि मी खोक्यात बसून निघालो.

प्रणयने मला आपल्या पहिल्या पगारात घेतलं. नवघरच्या त्यांच्या इमारतीत चौथ्या मजल्यावर मी पोचलो, तेव्हा त्याच्या आईने, शालनबाईंनी, मला हळदकुंकू लावलं. त्या मला शेवटपर्यंत ‘रिमोट’ म्हणत आल्या, पण मान दिला तो खरा. प्रणयचे वडील काशीनाथ. त्यांच्या वाडवडिलांची मिठागरं होती, आता घरात सगळे नोकरदार. प्रणय तेव्हा हात धुतल्याशिवाय मला शिवत नसे. चष्म्याच्या फडक्याने पुसायचा. ते माझे लाडाचे दिवस होते.

दर रविवारी निशिगंधा यायची. ती प्रणयची कॉलेजपासूनची मैत्रीण. घरचे मूळचे रत्नागिरीकडचे, ती स्वतः रक्त तपासणाऱ्या लॅबमध्ये कामाला. तिचा हात हलका होता. उगाच बटणं बडवायची नाही. मला ती फार आवडायची, हे मी लपवत नाही.

त्यांचा तो गेम गोष्टीचा होता. एक वीर घर सोडून निघतो, वाटेत त्याला सोबती भेटतात, आणि आपण त्यांच्याशी काय बोलतो यावर त्यांचा जीव जडतो किंवा विटतो. दर वेळी पडद्यावर दोन-तीन उत्तरं येतात, त्यातलं एक निवडायचं. निशिगंधाने आपला खेळ वेगळा मांडला होता. तिने ढाल घेऊन लढणाऱ्या एका सोबत्याला पसंत केलं, त्याला साफ ‘हो’ म्हटलं, आणि शेवटच्या लढाईत तो मेला. ती ढसाढसा रडली, ओढणीने डोळे पुसले आणि शेवटपर्यंत खेळली.

“मागे जा ना,” प्रणय म्हणाला. “जुना गेम उघड, दुसऱ्याला पकड. हाय काय नाय काय.”

“मग मी त्याला ‘हो’ म्हटलं त्याला काय अर्थ राहिला?” ती म्हणाली.

प्रणयच्या खेळात तिघी होत्या. जखमा बांधणारी नेवा, तिरंदाज इल्मा आणि होडी वल्हवणारी तोरा. हा पठ्ठ्या तिघींशीही गोड. नेवाला सांगायचा, तुझ्याशिवाय मी जगलोच नसतो. तेच वाक्य संध्याकाळपर्यंत इल्माला. तोराला तर चंद्राची शपथ घेऊन! आणि तिघींपैकी कोणी “मग माझं काय?” असं विचारलं, की याचा अंगठा वर सरकायचा. मेनू. जुना खेळ. पुन्हा प्रश्नाच्या आधी. त्याने साठवलेल्या खेळांना नावंही तशीच दिली होती: ‘नेवा-आधी’, ‘इल्मा-आधी’, ‘तोरा-आधी’. तीनशे तास मी त्याच्या हातात राबलो, मित्रांनो, आणि त्याच्या हातून एकदाही गोष्टीचा शेवट पाहिला नाही.

यात काय बिघडलं, असं तुम्ही म्हणाल. काही नाही. पडद्यावरच्या तिघींना नादी लावलं म्हणून कोणाचं घर बसत नाही, आणि मी काही उपदेश करायला उभा नाही. गेम मजेचा आहे, तिघींशी बोलण्यातही मजा आहे. मला राग आहे तो त्या अंगठ्याचा. अंगठ्याला एकदा सवय लागली, की ती रविवारपुरती राहत नाही. अंगठा माणसालाच चिकटलेला असतो.

गेल्या वर्षी घरात त्याच्यासाठी मुली बघायला सुरुवात झाली. जवळच्या राई गावची संचिता सगळ्यांना पसंत पडली. प्रणयही तिथे पोटभर खाऊन, हसून आला. घरी आल्यावर काशीनाथांनी विचारलं, “काय सांगू त्यांना?” मी तेव्हा प्रणयच्या हातातच होतो. तो पडद्यावरून नजर न काढता म्हणाला, “कळवतो म्हणून सांगा, पप्पा.”

पुढे संचिताच्या वडिलांचा दोनदा फोन आला. दोन्ही वेळा तेच उत्तर गेलं.

आणि निशिगंधा? तिच्यात आणि प्रणयमध्ये काय आहे, हे घरात कोणाला ठाऊक नव्हतं. मला होतं. तिच्या लॅबने तिला नागपूरची नवी शाखा सांभाळायला सांगितलं होतं. “तू थांब म्हणालास तर थांबेन,” ती सोफ्यावर त्याच्या शेजारी बसून म्हणाली होती. “पण घरी सांगायचं मग. दोघांच्या.” तो म्हणाला, “कळवतो ना.” ती वाट बघत राहिली. संचिताबद्दल तिला कोणी सांगितलं नव्हतं. सांगणार कोण? मला तोंड नाही, आणि ज्याला होतं त्याने ते गोड बोलण्यासाठी राखून ठेवलं होतं.

मग तो रविवार आला. दुपारची वेळ. काशीनाथ कोणाच्या तरी हळदीला गेले होते, शालनबाई आत बोंबील तळत होत्या. पडद्यावर नदीकाठी शेकोटी पेटली होती आणि नेवा, इल्मा, तोरा पहिल्यांदाच तिघी मिळून समोर उभ्या राहिल्या. “आज काय ते सांग.” प्रणयचा अंगठा सवयीने मेनूकडे गेला. पण बटण मेलं होतं! इतकी वर्षं दाबून दाबून ते आत रुतलं होतं. त्याने नखाने उचकटलं, किल्ली घातली, मला मांडीवर आपटलं. काही होईना. आपटलं ते लागलं मला, पण सांगतो, इतकं समाधान मला कधी झालं नव्हतं.

तेवढ्यात बेल वाजली. दारात निशिगंधा.

“उद्या अकराला मला ऑफिसला सांगायचंय,” ती आत येत म्हणाली. “फोनवर नको म्हणून आलेय. काय ते बोल.”

“अगं, बस तरी. पाणी घे.”

“पाणी नकोय मला.”

“असं एकदम कसं सांगणार? थोडा टाइम दे ना. कळवतो मी.”

आत तेलाचा आवाज थांबला. शालनबाई हातात झारा घेऊनच बाहेर आल्या. “काय बोललास? हिला पन कळवतो?” त्या एकदम पेटल्या. “तीन महिनं झालं, राईच्या पोरीला कळवतोय. परवा संचिताचा बापूस फोनवर रडकुंडीला आलता. दुसरं स्थळ धरू का सोडू, त्याला समजत न्हाय. आनि ही पोर हितं कवापासून उभी हाय?”

“कोण संचिता?” निशिगंधाने विचारलं.

प्रणयने नजर पडद्याकडे वळवली. पडद्यावर त्या तिघी हात बांधून उभ्या होत्या.

“तसं काही फायनल नाहीये,” प्रणय म्हणाला. “मी कोणालाच हो बोललो नाहीये.”

“‘नाही’ पण बोलला नाहीस,” निशिगंधा म्हणाली.

शालनबाईंचा आवाज खाली आला, पण राग नाही गेला. “तुझा आजा मीठ पिकवायचा. भरतीचं पानी आत घेतलं का दार लावायला लागतंय, प्रणय. दार उघडं ठेवून मीठ न्हाय होत. नुसती येजा होते पान्याची.”

तो मान खाली घालून बसला. एक शब्द बोलला असता! हो म्हणाला असता तरी चाललं असतं, नाही म्हणाला असता तरी. मी सोफ्यावर पडल्या पडल्या वाट बघत होतो.

निशिगंधाने मला उचललं. तिचा हात थंडगार होता. पडद्याकडे बघून ती म्हणाली, “अजून इथेच आहेस?”

“बटण अडकलंय,” तो पुटपुटला.

पडद्यावर तीन उत्तरं होती. सगळ्यात खालचं त्याने कधी वाचलंही नव्हतं: ‘मी तुम्हा तिघींशी खोटं बोललो.’ निशिगंधाने ते निवडलं आणि माझं ‘हो’चं बटण दाबलं. एकदाच, नीट. नेवाने गाठोडं उचललं, इल्माने धनुष्य, तोरा होडीत जाऊन बसली. तिघी गेल्या. शेकोटीपाशी वीर एकटा उरला.

“अगं!” प्रणय ओरडला. “माझे तीनशे तास!”

मित्रांनो, त्या दिवसभरातलं त्याचं हे पहिलं ठाम वाक्य. समोर चार वर्षांची सोबत उभी होती, आणि याला हळहळ वाटली ती तासांची. मला आजही त्याची चीड येते.

निशिगंधाने मला शालनबाईंच्या हातात दिलं. “येते, काकी.” शालनबाईंनी तिचा हात घट्ट धरला आणि मग सोडला. ती लिफ्टपर्यंत गेली तेव्हा कुठे प्रणय दारात आला.

“नागपूरला जाणार आहेस का?” त्याने विचारलं.

तिने मागे वळून पाहिलं. “कळवते,” ती म्हणाली, आणि लिफ्टचं दार लागलं.

ती गेली, हे त्याला दहा दिवसांनी दुसऱ्याच कोणाकडून समजलं. संचिताच्या घरी शालनबाईंनी त्याच संध्याकाळी स्वतः फोन लावला. “आमच्याकडून न्हाय समजा, दादा. पोरीला अडकवून ठेवली, चूक आमची हाय,” असं त्या स्पष्ट बोलल्या.

मला मात्र प्रणय इथे घेऊन आला. धर्मेशभाईंनी उलटंपालटं करून पाहिलं. “मेनू का बटन गया है. बाकी सब फर्स्ट क्लास. बनाऊं?” आणि प्रणय काय म्हणाला असेल? तुम्हीच सांगा. धर्मेशभाईंनी तो शब्द चिठ्ठीवर उतरवला आणि मला डब्यात टाकलं. माझ्यावर धूळ बसली. एका पालीने माझ्या वायरीशेजारी अंडी घातली.

आज एक पाचवीतली मुलगी आईबरोबर आली, भूमिका नावाची. तिच्या कंट्रोलरचं ‘हो’चं बटण तुटलं आहे. धर्मेशभाईंची बायको हंसाबेन गल्ल्यावरून म्हणाली, “अरे, वो डब्बेवाले का निकालके लगा दो ना. वो छोकरा कब आयेगा?” धर्मेशभाईंनी एकदा शेवटचा फोन केला, ऐकलं आणि हसून ठेवून दिला. पलीकडून काय आलं ते मला ऐकू आलं नाही, पण मला ठाऊक आहे. आता ते स्क्रू ड्रायव्हर शोधत आहेत.

आम्हाला घामट हातांनी धरू नका, चिडून आपटू नका, असं मी शेवटी सांगायला हवं. सांगतो. पण माझी खरी विनंती दुसरीच आहे, मित्रांनो. तुमच्या उत्तरासाठी कोणी दारात उभं असेल तर त्याला तिष्ठत ठेवू नका. ‘नाही’ म्हणायचं असेल तर तोंडावर नाही म्हणा. रडेल बिचारं, पण आपल्या वाटेला तरी लागेल.

स्क्रू ड्रायव्हर सापडला. चिठ्ठी निघाली. भूमिका, बाळ, माझं बटण अजून धडधाकट आहे. जपून वापर. पण वापर.